दोन प्रवेशांची भूमिका आणि वीस वर्षांची नोकरी

नागपूरच्या मानेवाड्यातल्या एका ताईंचं पत्र आहे. नाव छापू नका म्हणाल्या, म्हणून पत्रातला आवश्यक तेवढा भाग देते.

"मी ४५ वर्षांची. २००४ पासून राज्य शासनाच्या एका कार्यालयात आहे, सध्या वरिष्ठ लिपिक. कॉलेजपासून नाटक करते. राज्य नाट्य स्पर्धेत नागपूर केंद्रावर जवळजवळ दरवर्षी उभी असते. आई, काकू, शेजारीण, सुईण, एकदा पोलीस पाटलाची बायको. अभिनयाचं प्रमाणपत्र दोनदा मिळालं, रौप्यपदक कधीच नाही. मागच्या वर्षी एका मालिकेत नायिकेची आत्या केली. थोडे दिवस शूटिंग झालं आणि तो ट्रॅकच बंद झाला. पैसे पाचव्या महिन्यात आले. आता मुंबईच्या एका व्यावसायिक नाटकात दोन प्रवेशांची भूमिका विचारली आहे. शिवाय एक को-ऑर्डिनेटर म्हणतो, पंचवीस हजार भरून नाव नोंदवा, मुंबईत राहायला या, काम सुरूच राहील. यजमान म्हणतात, तुझं तू ठरव. मुलगी बारावीला आहे. राजीनामा देऊ काय? आणि खरं सांगा, इतक्या वर्षांत मला मुख्य भूमिका कोणी दिली नाही, म्हणजे मी कमीच पडते ना? भाचा म्हणाला, मावशी, हिरोईनच्या मागं उभं राहायला नोकरी सोडून राहिली का तू?"

ताई, दोन गोष्टी आधी सांगते, कारण त्या एकदा केल्या की मागे घेता येत नाहीत. ते पंचवीस हजार भरू नका. आणि राजीनामा लिहू नका.

पंचवीस हजारांचं थोडक्यात. कलाकार निवडणाऱ्याचे पैसे निर्माता देतो. को-ऑर्डिनेटर असेल तर तो तुम्हाला मिळालेल्या मानधनातून ठरलेली टक्केवारी घेतो, आणि तीही काम झाल्यावर. कामाआधीच नोंदणी, पोर्टफोलिओ किंवा वर्कशॉपच्या नावाने पैसे मागणाऱ्याकडे काम नसतं, त्याचा धंदा तुमच्यासारख्यांच्या आशेवर चालतो. कलाकारांच्या 'सिंटा' या संघटनेची सदस्यत्वाची फी असते, पण ती संघटनेकडे भरायची, कुणाच्या मोबाइल नंबरवर नाही. त्या माणसाचा नंबर ब्लॉक करा.

राजीनाम्याचं जरा सविस्तर सांगायला हवं. तुम्ही १ नोव्हेंबर २००५ च्या आधी लागलात, म्हणजे जुन्या निवृत्तिवेतन योजनेत आहात. १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांप्रमाणे २० वर्षांची अर्हताकारी, म्हणजे पेन्शनसाठी धरली जाणारी, सेवा झाली की तीन महिन्यांची नोटीस देऊन स्वेच्छानिवृत्ती घेता येते आणि पेन्शन सुरू होते. राजीनामा दिला तर मागची सेवा जप्त होते. अर्ज दोन्हीकडे एका पानाचाच, पण स्वेच्छानिवृत्तीच्या अर्जात म्हातारपणाची भाकरी आहे आणि राजीनाम्यात नाही. तुमच्या सेवापुस्तकात किती वर्षं अर्हताकारी धरली आहेत ते आस्थापना शाखेकडून लेखी घ्या. मध्ये बिनपगारी रजा झाली असेल तर तो काळ धरला जाईलच असं नाही. आणि हे सगळं फक्त माहीत असू द्या, आज स्वेच्छानिवृत्तीही घ्यायची नाही. का, ते पुढे येईलच.

त्याच ओघात एक विचारते, कारण पत्रात ते नाही. मालिकेचं मानधन घेताना कार्यालयाची परवानगी घेतली होती का? वर्तणूक नियम १९७९ चे आहेत आणि पैसे देणारं बाहेरचं काम करायचं तर ती आधी लागते. कलेच्या कामाला बहुतेक वरिष्ठ नाही म्हणत नाहीत. पण पडद्यावर दिसणारा माणूस कार्यालयातल्या प्रत्येकाला दिसतो, आणि तक्रार करायला एकच जण पुरतो. पुढच्या कामाआधी अर्ज द्या आणि पोच घ्या.

आता तुमचा खरा प्रश्न. तो पत्राच्या शेवटी आला आहे, पण तुम्ही पत्र त्याच्यासाठीच लिहिलं आहे असं मला वाटतं.

तुमचं काम मी पाहिलेलं नाही, तेव्हा तुम्ही फार मोठ्या अभिनेत्री आहात असं सांगून तुमचं समाधान करणार नाही. पण पत्रातच एक पुरावा आहे, तो तुमच्या नजरेतून सुटला. हौशी नाटकात कोणाला पैसे मिळत नाहीत. दिवसभर ऑफिस करून संध्याकाळी तालमीला यायचं, महिना-दीड महिना उशिरा घरी पोचायचं, आणि प्राथमिक फेरीचा एकच प्रयोग. अशा ठिकाणी दिग्दर्शक दरवर्षी ज्या बाईला फोन करतो, तिच्यावर त्याचा भरवसा असतो. नायिका दर वर्षी बदलते. तुम्ही तिथेच आहात. यातून तुम्ही कमी पडता असं कसं निघतं? संहितेतली जी माणसं नायकाला जगण्यासारखं घर, गाव, शेजार देतात, ती उभी करायला तुम्हाला बोलावतात. हे वेगळं काम आहे, वेगळ्या ताकदीचं आहे, आणि मुख्य भूमिकेपर्यंत चढायची ती पायरी नाही. तुम्ही इतकी वर्षं तिला पायरी समजून उभ्या आहात, म्हणून तिथे तुम्हाला सारखं ताटकळल्यासारखं वाटतं.

राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सहायक अभिनेत्रीचा वेगळा पुरस्कार १९८४ च्या चित्रपटांपासून सुरू झाला. पहिला रोहिणी हट्टंगडींना मिळाला, 'पार्टी'साठी, आणि तो सिनेमा आपल्या नागपूरच्या महेश एलकुंचवारांच्या नाटकावरचा. त्याआधी 'गांधी'तल्या कस्तुरबांसाठी त्यांना ब्रिटनचा बाफ्टा मिळाला होता, तोही सहायक अभिनेत्रीचाच. १९९० साली त्या पडद्यावर अमिताभ बच्चन यांच्या आई झाल्या. प्रत्यक्षात त्या बच्चन यांच्यापेक्षा आठ-नऊ वर्षांनी लहान. चाळिशीच्या आत आईची भूमिका करणं ही अन्यायाचीच गोष्ट आहे, आणि तो आपल्या सिनेमाने बायकांवर सर्रास केला. पण त्या कामात त्यांनी कसूर केली नाही, आणि पुढची इतकी वर्षं त्या काम करत राहिल्या. त्यांच्या पिढीतल्या किती नायिकांना हे जमलं?

दुसरं नाव सुलभा देशपांडे. १९६७ साली 'शांतता! कोर्ट चालू आहे'मधली बेणारे त्यांनी केली, मराठी रंगभूमीवरच्या सर्वांत अवघड स्त्री-भूमिकांपैकी एक. त्या छबिलदास शाळेत शिक्षिका होत्या. १९७१ मध्ये अरविंद देशपांडे आणि अरुण काकडे यांच्यासोबत त्यांनी 'आविष्कार' उभी केली. आणि २०१२ साली हिंदी सिनेमात त्या नायिकेच्या सासूबाई म्हणून दिसल्या, तेव्हा ती सासू खलनायिका नव्हती, चेष्टेचा विषयही नव्हती. घरात सगळं पाहणारी, थोडं बोलणारी बाई होती. बेणारे करणाऱ्या बाईने ती भूमिका लहान म्हणून सोडली नाही. त्या दोन्ही कामांत मला तरी एकच अभिनेत्री दिसते.

आणि एलकुंचवारांच्याच 'वाडा चिरेबंदी' नाटकातली म्हातारी दादी तुम्हाला माहीत असणारच, आपल्याच भागातला वाडा तो. तिच्या वाट्याला वाक्यं किती थोडी! पण ती चुकीच्या लयीत बोलली तर त्या वाड्याचं वय प्रेक्षकाला कळत नाही. हे नाटक बसवायचं झालं तर मी वाचनाच्या दिवशी सगळ्यांत आधी दादीच शोधीन.

भाच्याला उत्तर देत बसू नका. पुढच्या प्रयोगाला समोरच्या रांगेत बसवा.

आता धंद्याचं बोलू. चरित्र-भूमिका, म्हणजे नायक-नायिकेच्या भोवतालची माणसं, करणाऱ्याची कारकीर्द नायक-नायिकेच्या उलट चालते. नायिकेला पस्तिशीनंतर कामं कमी होतात. तुमच्यासाठी खऱ्या अर्थाने कामं आताच सुरू होतात. आई, आत्या, मुख्याध्यापिका, सरपंचबाई, वकील, नर्स, मोलकरीण, न्यायाधीश. ४५ ते ७० या वयाच्या बाया प्रत्येक मालिकेत लागतात आणि प्रत्येक शहरात चांगल्या मिळत नाहीत. म्हणजे घाई तुम्हाला नाही. मुंबईत खोली घेऊन, रोज ऑडिशनच्या रांगेत उभं राहून, साठवलेले पैसे संपवून चार महिन्यांत परत यायचं, हे विशीतल्या मुलांना एकदा परवडतं. बारावीतल्या मुलीच्या आईला परवडत नाही, आणि तशी गरजही नाही.

मालिकेचे पैसे पाचव्या महिन्यात आले याचं तुम्हाला वाईट वाटलं, ते साहजिक आहे. पण या क्षेत्रात ९० दिवसांनी पैसे देण्याची पद्धत आहे. म्हणजे मार्चमध्ये केलेल्या कामाचे पैसे जून-जुलैत. तुमच्या बाबतीत त्याहून उशीर झाला तो चुकलाच. पुढच्या वेळी दर दिवसाचं मानधन किती, शिफ्ट किती तासांची, पैसे कोणत्या तारखेपर्यंत, आणि नागपूरहून येण्या-जाण्याचं व राहण्याचं कोण बघणार, हे चारही ई-मेलवर लिहून घ्या, निदान व्हॉट्सअॅपवर तरी. बाहेरगावच्या कलाकाराला 'तुम्ही मुंबईतच आहात ना?' असं सहज विचारतात. तेव्हा हो म्हणून टाकलं तर राहण्याचा खर्च तुमच्या अंगावर. करारात त्या काळात दुसरी मालिका करायची नाही असं कलम असेल तर महिन्याला किमान किती दिवसांचं काम देणार, हेही त्यातच मागा. मानधनातून १० टक्के टीडीएस कापला असेल. विवरणपत्रात ते उत्पन्न दाखवा, नोकरीच्या फॉर्म १६ पुरतं विवरण भरून थांबू नका.

पडद्यावर काम पुन्हा मिळेल का, हे मात्र पैशांपेक्षा कामाच्या सवयींवर ठरतं. वसंतराव देशपांडे सभागृहात शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायला जो आवाज लागतो, तो साडीला लावलेल्या माईकपुढे आरडाओरडा होतो. रंगमंचावरून आलेल्या बहुतेकांची पहिली अडचण हीच. उभं राहिल्यावर कॅमेरामनला हळूच विचारा, फ्रेम किती आहे? कमरेपर्यंत असेल तर हात कामाचे, चेहऱ्यापुरती असेल तर डोळे. पाण्याचा ग्लास कोणत्या शब्दावर उचलला ते लक्षात ठेवा, कारण तोच प्रसंग मोठ्या शॉटमध्ये, मग नायिकेच्या खांद्यावरून, मग तुमच्या क्लोजमध्ये पुन्हा होणार, आणि ग्लास दर वेळी वेगळ्या शब्दावर उचलला तर संकलक तुमचा शॉट वापरूच शकत नाही. तुम्ही उत्तम केलं असेल तरी कापलं जातं. समोरचा बोलत असताना नुसतं वाट पाहत उभं राहणं वेगळं आणि ऐकणं वेगळं. ऐकणाऱ्या चेहऱ्याचे शॉट संकलक शोधत असतो, आणि चरित्र-कलाकाराला पडद्यावर मिळणारा निम्मा वेळ तिथून येतो. वाक्य वाढवून मागण्यापेक्षा हे शिका. स्पर्धेच्या नाटकात वीस वर्षं दुसऱ्याचं बोलणं ऐकत विंगेजवळ उभ्या राहिलात, त्याचा इथे फार उपयोग होईल.

नागपुरात बसून काय करता येतं? बरंच. चेहऱ्यावर मेकअप नसलेले चार फोटो, एक नऊवारीत, एक साध्या सुती साडीत, एक सलवार-कमीजमध्ये, एक ऑफिसला जाता तसा. केस रंगवत असाल तर न रंगवलेल्या केसांचाही एक काढून ठेवा, पांढऱ्या केसांची बाई शोधताना त्यांना विग लावायचा नसतो. मोबाइल आडवा धरून, पांढऱ्या भिंतीसमोर, खिडकीकडे तोंड करून दोन छोटे प्रसंग, एक प्रमाण बोलीत आणि एक वऱ्हाडीत. सुरुवातीला नाव, उंची, वय, गाव, दोन्ही बाजूंचा चेहरा. मुलगी बारावीची आहे, पंधरा मिनिटं कॅमेरा धरेल. आकाशवाणी नागपूरची नाट्य-कलाकारांची आवाज-चाचणी निघाली की द्या. तिथे नुसत्या आवाजाने बाई उभी करायला शिकाल, आणि डबिंगला तेच लागतं.

वऱ्हाडीबद्दल थोडं मनातलं. आपली बोली पडद्यावर आली की लोक हसायला तयारच बसलेले असतात. भारत गणेशपुरेंनी ती बोली घराघरांत पोचवली, त्याचं मोल मोठं आहे. पण त्यांच्यानंतर वैदर्भीय पात्र म्हणजे विनोदच, असं लिहिणाऱ्यांनी ठरवून टाकलं. आणि त्याच काळात 'कोर्ट' या सिनेमात नागपूरच्या वीरा साथीदारांनी लोकशाहीर नारायण कांबळे उभा केला. ते व्यवसायाने नट नव्हते, चळवळीतले होते. त्या माणसाच्या बोलण्यात आणि शांत बसण्यात एक सबंध आयुष्य दिसलं, आणि त्या सिनेमाला राष्ट्रीय पुरस्कारांत सुवर्णकमळ मिळालं. ते २०२१ मध्ये कोविडने गेले, त्याची हळहळ अजून वाटते. तुम्हाला कोणी 'जरा वऱ्हाडीत, गमतीत बोला' म्हणालं तर करा, पण एक टेक न हसवता करून दाखवायची परवानगी मागा. दुःखी, रागावलेली, हिशेबी वऱ्हाडी बाई लोकांनी पडद्यावर फार कमी पाहिली आहे, आणि तिथे तुमची जागा आहे.

झाडीपट्टीचा, म्हणजे पूर्व विदर्भातल्या गावोगावच्या रंगभूमीचा, विचार केलात का? दिवाळी झाली की वडसा-देसाईगंजच्या कंपन्या निघतात. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोलीच्या गावांत मंडई म्हणजे जत्रा आणि शंकरपट म्हणजे बैलांच्या शर्यती, यांच्या निमित्ताने रात्रभर नाटक चालतं. नागपूरचे कितीतरी कलाकार दर मोसमात तिथे जातात. पैसे रात्रीचे, आणि हातावर. २०२३ मध्ये झाडीपट्टीचे नट परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली तेव्हा शहरातल्या पुष्कळांना ही रंगभूमी आहे हे पहिल्यांदा कळलं, हे मला बरं वाटलं नाही. तिथे चरित्र-भूमिकेला मान आहे. रात्री दोन वाजता थंडीत गोधडी पांघरून बसलेल्या प्रेक्षकाला आईच्या एका प्रवेशात जागं ठेवायचं, ही परीक्षा कोणत्याही स्पर्धेपेक्षा कडक. पण रोज रात्री वेगळं गाव, पहाटे परतीचा प्रवास आणि सकाळी ऑफिस, हे नोकरीत सलग निभणार नाही. शनिवारच्या रात्री जमतील तेवढ्याच घ्या, आणि जिथे बायकांच्या येण्या-जाण्याची व कपडे बदलायची नीट सोय आहे अशाच कंपनीबरोबर जा. आधी तिथे काम केलेल्या दोघी-तिघींना विचारून घ्या.

आता ते व्यावसायिक नाटक. मला ही संधी चांगली वाटते, मालिकेपेक्षा कितीतरी चांगली. त्यासाठी राजीनामाही नको आणि स्वेच्छानिवृत्तीही नको, कारण २०२० पासून राज्य शासनाच्या बहुतेक कार्यालयांना पाच दिवसांचा आठवडा आहे आणि व्यावसायिक नाटकाचे बहुतेक प्रयोग शनिवार-रविवारीच लागतात. तालमींसाठी महिनाभराची अर्जित रजा, पुढे शुक्रवारी ऑफिस सुटल्यावर मुंबईची गाडी आणि सोमवारी सकाळी परत. हे झेपणारं आहे, पण फार दमवणारं आहे, आणि ते तुमच्या नाईटमधून, म्हणजे दर प्रयोगाच्या मानधनातून, परवडलं पाहिजे. दोन प्रवेशांच्या भूमिकेची नाईट मोठी नसते. प्रवास आणि राहणं निर्मात्याने दिलं नाही तर प्रत्येक प्रयोगाला तुम्हीच पदरचे पैसे घालाल, आणि ते दोन-तीन महिन्यांपलीकडे कोणी करू नये. तेव्हा त्यांना हे विचारा: तालमी कधीपासून, महिन्याला साधारण किती प्रयोग, आठवड्याच्या मधले दौरे आहेत का, प्रवास-निवास कोणाकडे, आणि या भूमिकेला बदली कलाकार बसवणार का. बारावीची परीक्षा फेब्रुवारी-मार्चात. त्या दोन महिन्यांत तुमच्या जागी दुसरी बाई उभी राहील असं ते आधीच मान्य करत असतील तर जा. नसतील तर नाही म्हणा, आणि दिग्दर्शकाला स्वतः फोन करून कारण सांगा. नीट कारण देऊन नाही म्हणणारी कलाकार त्यांच्या लक्षात राहते. तारीख देऊन न येणारी मात्र कायमची जाते.

यजमान 'तुझं तू ठरव' म्हणतात, ते मोकळीक देतात असं धरू. पण शनिवार-रविवार घरात कोण काय करणार, मुलीला क्लासला कोण सोडणार, सासूबाई असतील तर औषधं कोण बघणार, हे त्यांच्याशी दिवस आणि वेळ घालून बोला. ठरवायचं तुम्ही आणि निभवायचंही तुम्हीच, असं होऊ देऊ नका.

संहिता मागवून घ्या आणि सबंध वाचा, तुमचे दोन प्रवेश तेवढे नाही. तुमचं पात्र रंगमंचावर नसताना घरात कुठे असतं, काय करत असतं, पहिल्या प्रवेशापासून दुसऱ्यापर्यंत त्याच्या आयुष्यात किती दिवस गेले, ते कागदावर लिहून वाचनाला जा. नाईटचा आकडा आणि अटी आल्या की सही करण्याआधी मला पाठवा. आठवडाभरात उत्तर देते.